साखळीचे दुसरे टोक

पाळीव प्राण्यांचे आपल्याकडे किती हाल होतात, या साध्या प्रश्नाला आकड्यांत नीट उत्तर नाही. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या वार्षिक अहवालात घरफोडीपासून सायबर फसवणुकीपर्यंत सगळ्याचे तक्ते सापडतात, पण प्राण्यांना दिलेल्या त्रासाचा वेगळा रकाना अगदी अलीकडेपर्यंत सापडत नव्हता. अमेरिकेच्या एफबीआयने तो २०१६ पासून ठेवायला घेतला, म्हणजे तिथेही उशीरच झाला. त्यामुळे हा प्रश्न आडवाटेने मोजावा लागतो, आणि अहिल्यानगर जिल्ह्यात अशी एक आडवाट योगायोगाने तयार आहे. विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अकोले तालुक्याच्या शेतशिवारात राहणाऱ्या बिबट्यांची विष्ठा तपासून ते काय खातात याचा अभ्यास केला. वजनाच्या हिशेबाने त्यांच्या आहारात ८७ टक्के वाटा माणसाच्या आसऱ्याने राहणाऱ्या प्राण्यांचा निघाला आणि एकट्या कुत्र्याचा ३९ टक्के. त्या भागात शेळ्यांची संख्या कुत्र्यांच्या सुमारे सातपट, तरी शेळीचा वाटा अवघा ११ टक्के. अभ्यासाचा विषय बिबट्या होता, क्रूरता नव्हे. पण या दोन आकड्यांमधली तफावत आपल्या प्राणिपालनाविषयी बरेच काही सांगून जाते. शेळी रात्री गोठ्यात कोंडली जाते, कारण ती गेली तर घरात काही हजारांचा खड्डा पडतो. कुत्रा बाहेर राहतो, कारण तो गेला तर दुसरा मिळतो.

अकोल्याच्या डोंगरात उगम पावलेली प्रवरा संगमनेर आणि लोणी ओलांडून श्रीरामपूर तालुक्यात येते. बेलापूर बुद्रुक आणि बेलापूर खुर्द ही तिथली नदीकाठची जोडगावे. १९२६ साली पूर्ण झालेल्या भंडारदरा धरणाचे पाणी कालव्यांनी या पट्ट्यात खेळले, ऊस आला, आणि हरेगावच्या बेलापूर कंपनीचे नाव राज्यातल्या सर्वांत जुन्या साखर कारखान्यांत घेतले जाऊ लागले. पाण्यामागोमाग माणसे गावठाण सोडून आपापल्या शेतात राहायला गेली. आज इथले बरेच कुटुंबजीवन वस्त्यांवर चालते, एका वस्तीपासून दुसरीपर्यंत दोन-चार एकर ऊस मध्ये उभा असतो, आणि त्या उसात वर्षातले बरेच महिने बिबट्याला लपायला जागा असते. चोर, रानडुक्कर, बिबट्या, अपरात्री येणारा अनोळखी माणूस, या सगळ्यांची वर्दी द्यायला वस्तीला कुत्रा लागतो. तो हौसेसाठी ठेवलेला नसतो, कामासाठी ठेवलेला असतो. त्याला नाव असते, त्याच्या भाकरीचा तुकडा ठरलेला असतो, लहान मुले त्याच्या अंगाखांद्यावर खेळतात. मात्र तो आजारी पडला, चावला किंवा व्याली कुत्री घरापुढे पिल्ले घेऊन बसली, की त्याच घरातून उत्तर येते: आमचा कुठे, असाच राहतो तो इथे.

बेलापूरसारख्या बागायती गावातल्या पाळीव प्राण्यांच्या हालांचे मूळ मला या अर्ध्या मालकीत दिसते. मारहाण, विषप्रयोग, शेपटीला फटाके बांधणे हे प्रकार घडतात, त्यांची चित्रफीत निघाली तर ते गाजतातही. पण तसे करणारी माणसे कुठल्याही गावात मोजकीच असतात आणि बाकीचा गाव त्यांना नावे ठेवतो. उलट, उन्हात हातभर साखळीने बांधलेला कुत्रा, कोरडी पडलेली पाण्याची थाळी, कानात गोचिडांचे घोस, खरजेने केस गेलेली पाठ, गळ्याच्या मांसात रुतत गेलेली दोरी, यांना कुणी क्रूरता म्हणत नाही. हे करणारा माणूस दुष्ट नसतो, बहुतेक वेळा त्याने काहीच केलेले नसते. साखळीच्या एका टोकाला प्राणी आहे, दुसरे टोक खुंट्याला आहे, आणि त्या खुंट्याचा धनी कोण हे ठरलेले नाही. प्रतिबंधाचा विचार सुरू करायचा तो इथून. तो दुष्टांच्या शोधातून सुरू केला तर प्रश्नाचा लहानसा तुकडा हाती लागतो आणि उरलेला तसाच राहतो.

पिल्लांचे प्रकरण या दृष्टीने सर्वांत वाईट. नर पिल्लू राखणीला मागून नेतात. माद्या पोत्यात घालून बाजारतळावर, नदीकाठी किंवा शेजारच्या गावाच्या वेशीवर सोडल्या जातात. सोडणारा स्वतःची समजूत घालतो की जीव घेतला नाही, कुठेतरी जगतील. त्या जगत नाहीत. कोलकात्याच्या आयसर संस्थेतल्या अनिंदिता भद्रा यांच्या गटाने मोकळ्या कुत्र्यांच्या ९५ विणींमधली ३६४ पिल्ले पाहिली. वयात येईपर्यंत त्यांतली १९ टक्केच उरली, आणि झालेल्या मृत्यूंपैकी ६३ टक्क्यांमागे या ना त्या प्रकारे माणसाचा हात होता. हा अभ्यास बंगालमधला, २०१६ साली प्रसिद्ध झालेला. प्रवराकाठी आकडे थोडे पुढेमागे होतील, चित्र बदलायचे कारण दिसत नाही. जी काही पिल्ले वाचतात ती पुढच्या वर्षीची भटकी कुत्री होतात आणि मग गाव त्यांच्याच नावाने ओरडते. २०१९ च्या पशुगणनेत देशात सुमारे १ कोटी ५३ लाख आणि महाराष्ट्रात पावणेतेरा लाखांच्या आसपास भटकी कुत्री नोंदली गेली. ती आकाशातून पडलेली नाहीत. त्यांच्या दोन-तीन पिढ्या मागे गेले की कुणाच्या तरी अंगणातली कुत्री सापडेल. जाता जाता पिंजऱ्यातल्या पोपटाचेही सांगायला हवे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार देशी पोपट घरात ठेवणे हा गुन्हाच आहे, पण जन्मभर वीतभर पिंजऱ्यात बसवलेल्या या पक्ष्याला आपण इतके सरावलो आहोत की तो पाळणाऱ्या घराला लोक प्राणिप्रेमी म्हणतात.

आता कायद्याकडे पाहू. रुक्मिणीदेवी अरुंडेल यांच्या राज्यसभेतल्या प्रयत्नांतून १९६० चा प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायदा आला. त्याआधीचा कायदा १८९० चा होता. १९६० च्या कायद्याचे कलम ११ आजही वाचावे इतके नेमके आहे. मारणे, लाथा घालणे, जास्त ओझे लादणे तर त्यात आहेच; शिवाय अवाजवी आखूड किंवा जड साखळीने बांधून ठेवणे, सतत बांधलेल्या कुत्र्याला फिरवायला न नेणे, पुरेसे अन्न, पाणी, निवारा न देणे, उपासमार होईल अशा स्थितीत प्राणी सोडून देणे, हे सगळे नावानिशी गुन्हे आहेत. म्हणजे निष्काळजीपणा कायद्याला दिसला नाही असे म्हणता येत नाही. घोटाळा पुढे आहे. पहिल्या गुन्ह्याला दंड १० ते ५० रुपये. तीन वर्षांच्या आत पुन्हा केला तर २५ ते १०० रुपये किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद. त्याहून मोठी अडचण कलम ३१ मध्ये आहे, ज्याची चर्चा फार कमी होते. निर्घृणपणे ठार करणे किंवा अवयव तोडणे, प्राण्यांच्या झुंजी लावणे असे थोडेच प्रकार दखलपात्र आहेत. उपाशी ठेवणे, बांधून ठेवणे, सोडून देणे हे अदखलपात्र. त्यांत न्यायदंडाधिकाऱ्याच्या आदेशाशिवाय पोलिसांना तपासच करता येत नाही, आणि तक्रारीची मुदत अवघी तीन महिने. श्रीरामपूरच्या न्यायालयात एखाद्याने शेजाऱ्याच्या कुत्र्यासाठी वकील लावून खटला दाखल करावा आणि शेवटी शेजाऱ्याला ५० रुपये दंड व्हावा, अशी अपेक्षा कायदा करतो. कोण करील?

यावर नेहमीचे उत्तर असे की शिक्षा वाढवा. केंद्र सरकारने २०२२ मध्ये दुरुस्तीचा मसुदा लोकांपुढे ठेवला होता, त्यात अघोरी क्रूरतेसाठी तीन वर्षांपर्यंत कैद आणि काही हजारांचा दंड सुचवला होता. तो अद्याप कायदा झालेला नाही. दंड वाढायलाच हवा, ५० रुपयांत आज दोन माणसांचा चहा-नाश्ता होत नाही. पण शिक्षेवर सगळी भिस्त ठेवणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. प्राण्याला ठार मारणे किंवा निकामी करणे याला भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२५ खाली १ जुलै २०२४ पासून पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहेच, आणि जुन्या दंड संहितेतही कडक कलमे होती. म्हणजे टोकाच्या क्रौर्यासाठी कायदा आधीपासून कडक आहे. गोचिडांनी रक्त शोषलेल्या कुत्र्याला त्याचा उपयोग नाही, कारण त्याला कुणी ठार मारलेले नसते. ब्रिटनचा अनुभव इथे उपयोगी पडतो. तिथे क्रूरतेविरुद्ध कायदा १८२२ पासून होता, पण २००६ च्या प्राणी कल्याण कायद्याने भाषाच बदलली. प्राण्याला त्रास झाल्याचे सिद्ध होईपर्यंत थांबायचे नाही. त्याच्या गरजा पुरवणे हे मालकाचे कर्तव्य, आणि ते पाळले जात नसेल तर आधी सुधारणेची लेखी सूचना द्यायची, मुदत द्यायची, मग खटला. कैदेची कमाल मुदत सहा महिन्यांवरून पाच वर्षांवर नेली ती त्यानंतर १५ वर्षांनी, २०२१ मध्ये. क्रम लक्षात घेण्यासारखा आहे: आधी कर्तव्य, नंतर कैद.

गावाकडून येणारा आक्षेप वेगळा असतो आणि तो अधिक मनापासूनचा असतो. उसाची बिले थकतात, दुधाला भाव नाही, माणसालाच दवाखाना परवडत नाही, तिथे कुत्र्या-मांजरांचे काय घेऊन बसलात? शिवाय आम्ही पोळ्याला बैलाची पूजा करणारे, खंडोबाच्या आणि दत्ताच्या पायाशी कुत्रा मानणारे, कुत्र्याने पळवलेल्या पोळीमागे तुपाची वाटी घेऊन धावणाऱ्या नामदेवांची गोष्ट मुलांना सांगणारे. आम्हाला दया शिकवायला शहरातून कुणी यायची गरज नाही. यातला दुसरा भाग मला मान्य आहे. दया शिकवावी लागत नाही, ती आहे. पण पोळ्याचे उदाहरण मूळ मुद्दाच पुढे आणते. बैलाला खांदेमळणी, पुरणपोळी आणि झूल मिळते, त्याआधी वर्षभर वैरण, लसीकरण आणि नाल मिळतो, कारण तो निर्विवादपणे एका घराचा असतो आणि त्याला किंमत असते. तरीही ऊसवाहतुकीत त्याच्यावर किती लादायचे याला मर्यादा राहत नाही. ओझ्याच्या जनावरांसाठी १९६५ चे नियम आहेत. दिवसात ९ तासांपेक्षा जास्त काम नको, सलग ५ तासांहून जास्त नको, पारा ३७ अंशांच्या वर गेला तर दुपारी १२ ते ३ जनावर जुंपायचे नाही. हे नियम ऊसतोडीच्या हंगामात कोण पाळतो, हे फडावर विचारून पाहावे. बैलगाडा शर्यतीसाठी मात्र २०१४ च्या बंदीपासून २०२३ च्या घटनापीठाच्या निकालापर्यंत राज्याने नऊ वर्षे नेटाने लढा दिला. नियमाच्या अंमलबजावणीलाही तेवढाच नेट लावता आला असता, असे म्हटले तर शर्यतीच्या शौकिनांनी रागावू नये. पहिल्या भागाबद्दल, म्हणजे खर्चाबद्दल, हिशेब उलटा आहे. कुत्रा चावल्यावर माणसाला लशीच्या चार-पाच मात्रा घ्याव्या लागतात, जखम खोल असेल तर सीरम लागते, तालुक्याला खेटे घालण्यात मजुरी बुडते. कुत्र्याला वर्षातून एकदा लस टोचण्याचा खर्च त्यापुढे काहीच नाही.

आणखी एक आक्षेप आहे, आणि तो मला निम्म्याहून अधिक पटतो. गावचा कुत्रा मोकळा असतो, मोकळेपणातच त्याचे सुख आहे, शहरातल्यासारखा पट्टा, फिरवणे, डबाबंद खाणे ही मोजपट्टी त्याला लावू नका, असे काही जण म्हणतात. खरे आहे. सदनिकेत दिवसभर एकटा कोंडलेला हस्की, ज्याची दाट लोकर बर्फाळ प्रदेशासाठी आहे आणि ज्याला मराठवाड्याच्या किंवा नगरच्या एप्रिलमध्ये ठेवले आहे, तो बेलापूरच्या मोकळ्या कुत्र्यापेक्षा अधिक दुःखी असू शकतो. ताजी भाकरी-दूध खाणारा, पारावर झोपणारा, लस टोचलेला गावकुत्रा उपेक्षित नाही. म्हणून गावासाठीची किमान यादी छोटी असावी: पाणी, सावली, हलता येईल एवढी लांब साखळी आणि तीही काही तासांपुरती, वर्षाकाठी रेबीजची लस, मादीची नसबंदी, आणि बिबट्याच्या पट्ट्यात रात्री बंद जागा. शेवटच्या गोष्टीवर वस्तीवरचे लोक हसतील, कारण कुत्रा बाहेर ठेवायचा तोच मुळी बिबट्यासाठी. पण अकोल्याचा अभ्यास इथे पुन्हा आठवावा. अंगणात उघड्यावर बांधलेला कुत्रा बिबट्याला घराशी येण्याचे कारण पुरवतो. भुंकायचे काम तो बंद जागेतूनही करतो.

भटक्या कुत्र्यांविषयी सध्या देशात जो वाद पेटला आहे, त्यात ही अर्धी मालकी दोन्ही बाजूंच्या नजरेतून सुटली आहे. सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२५ रोजी दिल्ली परिसरातली सगळी कुत्री उचलायला सांगितले. २२ ऑगस्टला मोठ्या पीठाने ते बदलून नसबंदी आणि लस करून जागेवर परत सोडण्याचा मार्ग कायम केला, आणि ७ नोव्हेंबरला शाळा, रुग्णालये, बसस्थानके यांच्या आवारातली कुत्री हटवायला सांगितले. २०२३ च्या जन्मनियंत्रण नियमांत दोन कप्पे आहेत. पाळीव प्राण्याची लस आणि नसबंदी ही मालकाची जबाबदारी, मोकळ्या कुत्र्यांची स्थानिक संस्थेची. वस्तीवरचा कुत्रा नेमका दोहोंच्या मधल्या फटीत पडतो. मालक त्याला ग्रामपंचायतीचा समजतो, ग्रामपंचायत मालकाचा. मोठ्या शहरांत निदान महापालिकेकडे पथक असते. गावात कुत्र्यांचा त्रास वाढला की एकतर गाडीत भरून दुसऱ्या शिवारात सोडतात किंवा कुणीतरी गुपचूप विष घालते. गोव्याने दुसरा रस्ता दाखवला. तिथे सरकार आणि मिशन रेबीज या संस्थेने दरवर्षी लाखाच्या घरात कुत्र्यांना लस दिली, घरचा आणि रस्त्यावरचा असा भेद केला नाही, शाळांतून मुलांना शिकवले, संशयित कुत्र्याच्या तपासणीची यंत्रणा उभी केली. २०१८ नंतर सलग काही वर्षे तिथे रेबीजने माणूस दगावल्याची नोंद झाली नाही आणि २०२१ मध्ये राज्य रेबीज-नियंत्रित क्षेत्र म्हणून जाहीर झाले. रेबीजच्या प्रसाराची साखळी तोडायला ७० टक्के कुत्र्यांना दिलेली लस पुरते, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते. गोवा लहान आहे, हे कबूल. श्रीरामपूर तालुका त्याहूनही लहान आहे.

बेलापुरात काय करता येईल याचे उत्तर म्हणूनच फार खर्चिक नाही. राज्यात संस्थांची परंपरा जुनी आहे. मुंबईत प्राण्यांसाठीची सोसायटी १८७४ मध्ये निघाली आणि परळचे बाई साकरबाई दिनशा पेटिट रुग्णालय १८८३ मध्ये. पण ही परंपरा मुंबई-पुण्याच्या फारशी पुढे आली नाही. २००१ च्या नियमांनी प्रत्येक जिल्ह्यात प्राणिक्लेश प्रतिबंधक समिती असायला सांगितले. जिल्हाधिकाऱ्यांच्या कार्यालयात भरणाऱ्या बैठकीपासून वस्तीवरच्या खुंट्यापर्यंतचे अंतर मात्र कुणी मोजलेले नाही. जवळ आहे तो सरकारी पशुवैद्यकीय दवाखाना, आणि १९६२ या क्रमांकावर बोलावता येणारे फिरते पथक. दोन्हींचा भर गायी-म्हशींवर, आणि दुधाच्या तालुक्यात तो असणारच. पण लाळ्या-खुरकुताच्या लशीसाठी पशुधन पर्यवेक्षक वस्तीवस्तीवर जातोच. त्याच फेरीत कुत्र्याची लस बरोबर नेली आणि टोचलेल्या प्रत्येक कुत्र्याच्या गळ्यात रंगीत पट्टा अडकवून ग्रामपंचायतीच्या वहीत घरमालकाचे नाव लिहिले, तर मालकीची निम्मी भानगड तिथेच मिटते. यावर शंका अशी की नाव लिहायचे म्हटले की लोक कुत्रा नाकारतील. नोंदणीला शुल्क लावले तर नक्की नाकारतील, शहरांतल्या परवान्यांचे तेच झाले. म्हणून नोंद फुकट असावी आणि तिच्याबरोबर काही मिळावे: लस, पट्टा, मादीच्या नसबंदीसाठी नेण्या-आणण्याची सोय. वहीत नाव आल्यावर ग्रामसभेला ब्रिटनसारखी लेखी समज देता येते, आणि गावात पंचायतीच्या कागदाला पोलिसांच्या पन्नास रुपयांपेक्षा जास्त वजन असते.

या योजनेत न बसणारा एक मोठा गट राहतो. हंगामात बीड, पाथर्डी, शेवगावकडून ऊसतोडीच्या टोळ्या येतात, त्यांच्याबरोबर बैल येतात, कोंबड्या येतात, खोपीची राखण करणारी कुत्रीही येतात. हंगाम संपला की माणसे आणि बैल परततात, पिल्ले आणि आजारी कुत्री पुष्कळदा मागे राहतात. ही कुत्री बेलापूरच्या वहीत नाहीत आणि पाथर्डीच्याही नाहीत. तोडणाऱ्या कुटुंबाला दोष देणे सोपे आहे, पण ज्यांच्या स्वतःच्या लेकरांच्या शाळेची आणि लशीची सोय हंगामात नीट लागत नाही, त्यांच्याकडून कुत्र्याच्या लशीची अपेक्षा कुठल्या तोंडाने करायची? इथे मला जबाबदारी कारखान्याची वाटते. कारखाना मुकादमाशी करार करतो, उचल देतो, कुठल्या टोळीत किती गाड्या आणि किती बैल आहेत याची यादी त्याच्याकडे असते. गाडीतळावर बैलांसाठी पाण्याचे हौद आणि सावली, वजनकाट्यावर ओझ्याची मर्यादा, आणि टोळ्या उतरल्यावर पहिल्या पंधरवड्यात बैल-कुत्र्यांसाठी एक लसीकरण शिबिर, एवढे करारात लिहिले तर त्याचा भार टनामागे काही पैशांचा पडेल. साखर आयुक्तालयाच्या गाळप परवान्याला आधीच बऱ्याच अटी जोडलेल्या असतात. त्यांत ही एक घालायला नवा कायदा लागत नाही.